विलंबाचं कारण

"वाच," भाऊसाहेब म्हणाले आणि टेबलावरचा पेपर माझ्याकडे ढकलला.

ते आस्थापनेचे लिपिक. चोपड्याच्या ऑफिसात सगळे त्यांना भाऊसाहेबच म्हणत. मी वनरक्षक, नोकरीला दोन वर्षं झालेली. माझ्यासोबत लागलेल्या सगळ्यांना वेतनवाढ मिळाली, मला नाही. का नाही, एवढंच विचारायला सातपुड्यातून खाली उतरले होते. युनिफॉर्म अंगावर होता.

ते म्हणाले, तुझी मातृभाषा पावरी. मराठीची परीक्षा पास होईस्तोवर वाढ नाही. मी म्हटलं, मी आश्रमशाळेत मराठीतूनच दहावी झाले. तेव्हा त्यांनी पेपर ढकलला.

मी वाचलं. उभ्यानं. कपाशीच्या भावाची बातमी होती. एका शब्दावर जीभ अडखळली. कोणीतरी हसलं. मग सगळेच हसले.

"डोंगरातली मराठी," भाऊसाहेब म्हणाले. "इथं चालायची नाही."

मी पेपरची नीट घडी करून ठेवली आणि बाहेर आले. लिहून आणलेला अर्ज पिशवीतच राहिला.

पुढची अकरा वर्षं मी त्या टेबलासमोर गेले नाही. वणव्यात शिरले. सागचोरांच्या मागे एकटी धावले. पण त्या खोलीचं नाव काढलं की मी विषय बदलायचे. नवऱ्याला सांगितलं, सगळ्यांचीच वाढ अडकलीय. खोटं. आणि पोरीशी पावरीत बोलणं बंद केलं. त्याचा राग आजही आहे. भाऊसाहेबांवर नाही, माझ्यावर.

मग धुळे जिल्ह्यात बदली झाली. तिथल्या नव्या लिपिकानं माझं सेवापुस्तक उघडलं, दहावीची गुणपत्रिका पाहिली. हळू आवाजात म्हणाला, "ताई, तुम्हाला ही परीक्षा लागूच नव्हती."

मी त्याला परत बोलायला लावलं. मग स्टुलावर बसले.

त्याच आठवड्यात अर्ज दिला. उत्तर एका ओळीचं आलं. मागणी फार उशिरा केली आहे, विचार करता येत नाही. ज्यांनी अडवलं, तेच विचारत होते, इतकी वर्षं कुठे होतीस?

धुळ्यात एक वकीलताई भेटल्या. बौद्ध वस्तीतल्या, मजुराच्या घरच्या. त्यांनी समजावलं, सरकारी नोकरीचे दावे न्यायाधिकरणात चालतात, तिथं आधी उशिराचं कारण द्यावं लागतं. त्यांनी मसुदा केला. मी वाचला. 'अर्जदार आदिवासी असून अज्ञानामुळे विलंब झाला.'

हे खोडा, मी म्हटलं. त्यांनी शांतपणे सांगितलं, त्या शब्दानं न्यायाधीशांना दया येते, अर्ज आत जातो. नाहीतर दारातच फेटाळतील.

"ताई, मी अज्ञानी नव्हते. माझं खरं होतं, हे मला तेव्हाच माहीत होतं. मला हसले, म्हणून मी परत गेले नाही. तेच लिहा."

त्यांनी मसुदा बाजूला सारला. मग पेन माझ्या हातात दिलं. म्हणाल्या, तुम्हीच लिहा.

मी लिहिलं. ढकललं कोणी, बोललं काय, हसलं कोण. मराठीत, माझ्या अक्षरात.

अर्ज दाखल झाला. तारखा पडताहेत. जिंकले तरी थकबाकी मागच्या तीनच वर्षांची मिळेल म्हणतात. बाकीची वर्षं गेली. कदाचित काहीच मिळणार नाही. मग मी वरच्या कोर्टात जाईन.

त्या कागदाला विलंब माफीचा अर्ज म्हणतात. नाव कायद्याचं आहे, ते मला बदलता येत नाही. पण माफी मी मागितलेली नाही. मागणारही नाही.