भाऊ लंकेला गेला तेव्हा

माझा मोठा भाऊ फौजेत होता. सत्त्याऐंशी साली त्याची पलटण श्रीलंकेला निघाली हे कळलं तेव्हा आमच्या घरात कुणी रडलं नाही. उलट मायनं शेजारीपाजारी साखर वाटली. आज हे सांगताना हसू येतं आणि रागही येतो, पण तिचं तरी काय चुकलं? आरमोरीजवळच्या आमच्या वस्तीत सगळी घरं बौद्धांची. लंका म्हणजे धम्माचा देश, बोधिवृक्षाची फांदी जिथं नेऊन लावली तो देश, हेच आम्ही विहारात लहानपणापासून ऐकलेलं. त्यात रेडिओवर रोज सांगत होते, आपली फौज तिथं लढायला नाही, शांतता राखायला चालली आहे. बुद्धाचा देश आणि शांतीचं काम, मग आणखी काय पाहिजे! मायला वाटलं, सरकार आपल्या पोराला फुकटात तीर्थाला पाठवून राहिलं आहे.

ती आरमोरीच्या बाजारात गेली आणि नवा कोरा पंचशील ध्वज घेऊन आली. त्यात मेणबत्त्यांचा पुडा गुंडाळला आणि भावाच्या सामानात तळाशी ठेवून दिला. पहिलं विहार दिसेल तिथं लाव, म्हणाली. मी तेव्हा मास्तरकीचं शिक्षण संपवून नोकरीची वाट बघत घरी बसले होते. नकाशात लंका मला झोपेतही दाखवता आली असती. तिथं कोण कुणाशी भांडतंय, ते मात्र आमच्या कुठल्याच पुस्तकात नव्हतं.

पुढच्या वर्षी भाऊ सुटीवर आला तो ऐन धानाच्या रोवणीत. जेवायचा, झोपायचा, सांगितलं तर पऱ्ह्याच्या, धानाच्या रोपांच्या, पेंड्या उचलून चिखलाच्या बांधीत टाकायचा. विचारलं तर हो किंवा नाही, त्यापुढे शब्द नाही. थकला असेल, म्हणून आम्ही सोडून दिलं.

तेवढ्यात गावातून सत्काराची टूम निघाली. पंधरा ऑगस्टला शाळेच्या पटांगणात भावाला हार घालायचा, त्यानं भाषण करायचं, आणि लगेच भरतीला जाणाऱ्या पोरांची नावं घ्यायची. निवडणुकीला उभं राहायच्या तयारीतला एक पुढारी पाहुणा म्हणून येणार होता. आमच्या वस्तीतली बरीच पोरं तयार होती. भाऊ बोलला की ती उठणार हे सगळ्यांना ठाऊक होतं. आमंत्रण द्यायला गावातली मोठी माणसं आमच्या घरी आली, ओसरीत बसली, आमच्या कपातून चहा प्यायली. माझ्या लहानपणी याच माणसांच्या विहिरीवर आम्हाला वरून ओंजळीत पाणी ओतून देत. माय त्या दिवशी कितीतरी वेळ कप धूत बसली होती. तिनं पेटीतलं नवं लुगडं बाहेर काढलं.

भाषण एका पेन्शनर गुरुजींनी लिहून दिलं होतं. आम्ही परक्या भूमीत शांतीचं रोपटं लावून आलो, अशी त्याची सुरुवात होती. भावानं ते वाचलं आणि कागद माझ्या हातात परत दिला. म्हणाला, हे मी बोलणार नाई. मायनं कारण विचारलं, त्यानं सांगितलं नाही. मग ती भडकली. जन्मभर दुसऱ्याच्या चिखलात वाकले, एक दिवस मानाचा आला तर तोही तुझ्या डोळ्यांत खुपतो, असं बरंच काही बोलली. त्यानंतर दोघांनी अबोला धरला आणि मी दोघांच्या मधे भरडले गेले.

रोवणी आमच्याकडे बायकांचं काम. पुरुष चिखलणी करतात, पऱ्हे पोचवतात, ओळीत वाकत नाहीत. भाऊ एका सकाळी मुकाट्यानं मायच्या शेजारी येऊन वाकला. दुसऱ्या बाया हसल्या, एकीनं थट्टाही केली. आम्ही तिघं कडेच्या बांधीत गेलो. रोवताना तोंड चिखलाकडे असतं आणि पाय मागे सरकत असतात, कुणाला कुणाच्या डोळ्यांत बघावं लागत नाही. म्हणूनच त्याला बोलता आलं असावं.

त्याची पलटण लंकेच्या उत्तरेला होती. तिथं तमिळ लोक राहतात. विहार कुठंच नाही, कोपऱ्याकोपऱ्यावर गणपतीचं देऊळ. त्यांचं भांडण तिथल्या सिंहली बौद्धांच्या राज्याशी, आणि कितीतरी वर्षांचं. एका घराची झडती घेताना तिथल्या म्हातारीच्या हाताला काच लागली होती. बांधायला कापड काढावं म्हणून भावानं पिशवी उपसली, तर मायनं दिलेला ध्वज बाहेर आला. तोवर गरीब गाईसारखी हात पुढं करून बसलेली म्हातारी झटक्यात मागं सरली. काहीतरी बोलली. पलटणीतल्या एका मद्रासी जवानानं अर्थ सांगितला, ती म्हणते, तुम्हालाही त्यांनीच धाडलं का?

"तो झेंडा तिथी वैऱ्याचा हाय, माय," भाऊ म्हणाला. "आमी गेलो तवा तिथल्याच लोकाइनं हार घातले. मंग त्याइच्याच पोराइसंगं लढाई लागली. त्याइनं आमचे मारले, आमी त्याइचे. माह्या हातानंबी मेले."

मायचे हात थांबले नाहीत. ओळ बांधापर्यंत गेली तेव्हा ती कमरेवर हात देऊन सरळ झाली. मला वाटलं, आता सत्कार गेला खड्ड्यात म्हणेल. तसं म्हणाली नाही.

"सत्कार व्हऊ दे. आता मले सांगतलं तेच तिथी सांग."

नोकरीवर येईल, तो म्हणाला.

"नोकरी तुही हाय, तू ठरव. पन पोरं तुह्या तोंडाकडं पाहून चालले हायेत."

मी पुढं शाळेत कितीतरी वर्षं इतिहास शिकवला. आम्ही मारायला चाललो, असं म्हणून कुठलाच देश घराबाहेर पडत नाही. कधी धर्म वाचवायला निघतो, कधी शेजाऱ्याचं भलं करायला, कधी शांतता राखायला. तो शब्द आमच्यासारख्या घरात पोचेपर्यंत त्यात आमचीही भाबडी भर पडलेली असते. धडा पुस्तकातला असला तरी हे सांगितल्याशिवाय मी कधी तो संपवला नाही. कुणाला राग आला तर येवो.

पंधरा ऑगस्टला पटांगण भरलं. पुढाऱ्यानं रीतीप्रमाणे चिमूरच्या बेचाळीसच्या हुतात्म्यांपासून सुरुवात केली आणि तिथून थेट लंकेत उतरला. आपले जवान तिथं बंदूक नव्हे, फुलं घेऊन गेले, असं सांगून त्यानं टाळ्या घेतल्या. मग भाऊ उठला. गळ्यात हार तसाच होता.

"मी फुलं घेऊन नाई गेलो," तो म्हणाला. "तिथी लढाई हाय. आपले मरून राह्यले, त्याइचेबी मरून राह्यले. भरती व्हा, मी नाई म्हनत नाई. मीबी परत जाऊन राह्यलो. पन शांती कराले चाललो म्हनून घरच्याइले सांगू नका."

तो खाली बसला. एकही टाळी वाजली नाही. पुढाऱ्यानं हसून पुन्हा माईक धरला. जवान दमला आहे, त्याला आरामाची गरज आहे, असं काहीतरी गुळगुळीत बोलू लागला. तेव्हा बायकांच्या घोळक्यातून माय उभी राहिली. चार माणसांत ती जन्मात कधी बोलली नव्हती.

"साहेब, तुमी गेलते का तिथी?"

पुढारी चहा न घेताच निघून गेला. काही पोरांनी तरीही नावं दिली, काही घरी परतली. दिली त्यांनीही आधी भावाशी बोलून दिली. गावातली मोठी माणसं पुन्हा बरेच दिवस आमच्या ओसरीत आली नाहीत. मायला त्याचं वाईट वाटलं, ते तिनं लपवलंही नाही. पण केलं त्याबद्दल एकदाही हळहळली नाही.

सुटी संपली आणि भाऊ वडशाच्या स्टेशनावर गाडीत बसला, पुन्हा त्याच लंकेला. रेडिओवर अजून शांतताच चालली होती. बाजारात कुणी ओळखीचं भेटलं की विचारायचं, बाई, पोरगा कुठी असते आता? माय हातातली भाजी खाली ठेवायची आणि सगळ्यांना ऐकू जाईल अशा आवाजात सांगायची, "लढाईवर गेला हाय. जिता येते का नाई, वाट पाहून राह्यली."