आईचं इन्सुलिन आणि दादाचा विश्वास

आमच्या घरात देव काही नवा नव्हता. आई तिसगावात शिक्षिका होती. रोज सकाळी बायबल वाचायची, मग पोटात इन्सुलिनची सुई टोचायची आणि चहाला आधण ठेवायची. या दोन गोष्टींचं भांडण असतं, असं तिला सत्तर वर्षांत कधी वाटलं नाही. ते भांडण दादाने लावलं.

गेल्या वर्षी तो एका नव्या प्रार्थनासभेला जाऊ लागला. मंडप, कर्णे, आणि औषध घेणं म्हणजे देवावर अविश्वास, असं ओरडून सांगणारा उपदेशक. उपदेशकाच्या नाकावर जाड भिंगांचा चष्मा होता. डोळ्यांपुरता त्याचा विश्वास कमी पडत असावा. पण आमच्या बी.एस्सी. झालेल्या दादाला तो चष्मा काही दिसला नाही.

एका दुपारी वहिनीचा दबक्या आवाजात फोन आला. "ताई, यांनी आईंचं इन्सुलिन फेकून दिलंय. पाच दिवस झाले. त्या उठतसुद्धा नाहीत."

मी तशीच नगरहून गाडी काढली. आई गादीवर पडलेली, ओठ सुकलेले, हाक मारली तरी डोळे उघडत नव्हती. भोवती दादाच्या सभेतले चौघे हात वर करून मोठमोठ्याने प्रार्थना करत होते.

"बाजूला व्हा," मी म्हणाले.

दादा आडवा आला. "देव काम करतोय. तू मध्ये पडू नकोस."

"देव काम करतोय, आणि तू? तू आईला मारतोयस."

"तुझा विश्वासच नाही!"

वहिनीने मुकाट्याने आईचे पाय धरले, मी खांदे. आम्ही दोघींनीच तिला गाडीत घातलं. चौघांचे आठ हात वरच राहिले.

दवाखान्यात साखर इतकी वाढलेली निघाली, की मशीनवर आकडाच उमटेना. तिसऱ्या दिवशी आई बोलली. "मी मागत होते गं इंजेक्शन. तो म्हणायचा, उद्या देतो."

मी तिला माझ्या घरी आणलं. पुढच्याच रविवारी दादाने मंडपात साक्ष दिली, आई प्रार्थनेने मरणाच्या दारातून परत आली म्हणून. डॉक्टरांचा, सलाईनचा उल्लेख नाही. वर त्याने फोन केला. "आई, स्टेजवर ये. लोकांना तुला बघायचंय."

"येते की," आई म्हणाली. "डॉक्टरीणबाईंनाही आणते. त्याही साक्ष देतील."

त्याने फोन ठेवला. साक्ष मात्र अजून देतो, असं वहिनी सांगते. हल्ली त्यात आई चक्क मेलेली असते.