माझ्या जगातली कोपी

ठोकळ्यांच्या त्या खेळातलं जग माझ्या फोनवर होतं. मी ते उघडलं, तरच मैत्रिणीला आत येता यायचं, आणि त्याचा मला लई माज होता. मी तळ्याकाठी दुमजली बंगला बांधला. तिनं शेजारी कोपी बांधली, ऊसतोडीला गेल्यावर उसाच्या पाचटाची झोपडी बांधतात तशी.

"अगं, इथं तरी बंगला बांध की!" मी चिडले.

"मला हीच बांधता येती," ती म्हणाली.

दिवाळीनंतर आमच्या आष्टीकडची निम्मी गावं ऊसतोडीला जातात; तीही आईबापाबरोबर गेली. बंगल्यापुढं कोपी शोभत नाही म्हणून मी ती मोडली आणि तिथं फुलं लावली.

एका संध्याकाळी मी खेळत असताना तिच्या बापाच्या फोनवरून ती माझ्या जगात आली. फुलांभोवती ती दोनदा फिरली. मग तिनं लिहिलं, "माजी कोपी कुटं हाय? अवकाळी पडतोय. हितल्या कोपीत पानी शिरलंय, म्हनून तिकडल्या कोपीत बसाया आलते."

मी लिहिलं, "मोडली."

ती गेली ती गेलीच. माझ्या बंगल्यात सहा खोल्या रिकाम्या होत्या, आणि 'आत ये' एवढंसुद्धा मला सुचलं नाही.