कानतुटका कप

भिंगरी हे काही तिचं खरं नाव नव्हे. पण खऱ्या नावाने कुणी हाक मारली असती, तर आपल्यामागे दुसरं कोण उभं आहे ते तिने वळून पाहिलं असतं. लग्न होऊन आली आणि आठवड्याच्या आत नवऱ्याने तिचं हे नाव ठेवलं. तो गवंडी, चार शब्दांत दिवस काढणारा माणूस. पण बायको विहिरीवर, चुलीशी, परसात, कोंबड्यांमागे अशी एकाच वेळी सगळीकडे दिसायला लागल्यावर त्यालाही बोलावंच लागलं. "अगं, बस की जरा. भिंगरीसारखी काय फिरतेस?" शेजारच्या घरातून थोरल्या जावेने ते ऐकलं. मग ते गावभर व्हायला वेळ लागला नाही.

नवरा देवाघरी गेला आणि तिचं फिरणं आणखी वाढलं. बसलं की विचार येतात, आणि विचार आला की मुलाचाच येतो. मुलगा शहरात वायरमन. अधूनमधून यायचा. आला की बाहेरच्या खोलीतल्या खुर्चीवर बॅग ठेवायचा, लागेल तो शर्ट उपसून काढायचा आणि चेन पुन्हा ओढून घ्यायचा. ती बंद चेन भिंगरी येता-जाता बघायची. उघड्या बॅगेचा माणूस राहतो, बंद बॅगेचा जातो, हे तिला कुणी शिकवावं लागलं नव्हतं.

या खेपेला मात्र तो एक बेत घेऊन आला.

"आई, शहरातल्या लोकांना हल्ली गावाकडचं घर हवं असतं. मातीची जमीन, चूल, घरचं जेवण. दोन दिवस राहतात आणि खूश होऊन जातात. आपली बाहेरची खोली रिकामीच तर असते."

"चूल बघायला माणसं येतात?" भिंगरी म्हणाली. "माझं आयुष्य गेलं ती कधी सुटेल याची वाट बघण्यात."

त्याने ऐकलं नाही. फोन घेऊन घरभर हिंडला आणि चुलीचे, काजळी धरलेल्या पातेल्याचे, खिडकीत टांगलेल्या लसणाच्या जुड्यांचे फोटो काढून कुठे कुठे पाठवले. शेवटी म्हणाला, "महिनाभर बघतो. जमलं तर इथेच राहतो. नाही जमलं, तर तिकडे मुकादमाने माझी जागा ठेवलीय."

ते "जमलं तर" भिंगरीच्या घशात माशाच्या काट्यासारखं अडकलं. गिळवेना, काढता येईना. कोंबड्यांना दाणे टाकताना ती देवाशी पुटपुटायची, "एवढं जमव रे बाबा, पुढचं मी बघते."

आणि खरंच पाहुणे ठरले. एक डॉक्टरीणबाई आणि त्यांचे यजमान, रविवारी दुपारी येणार, रात्री राहणार. मुलगा त्यांना आणायला एसटी स्टँडवर निघाला. निघताना उंबऱ्यात थांबून म्हणाला, "आई, आहे ते आहे तसंच राहू दे. काही करू नकोस."

भिंगरीला काही करू नकोस सांगणं म्हणजे पाण्याला वाहू नकोस सांगण्यासारखं.

तो वळणाआड गेला आणि ती स्वयंपाकघरात उभी राहिली. डॉक्टरीणबाईंच्या नजरेने तिने घराकडे पाहिलं. चुलीमागची भिंत काळीकुट्ट. पातेल्याला पोचे. झाकणाला मूठ नाही. फोटोत धूर दिसत नाही आणि वासही येत नाही. इथे येतो. त्या बाईंनी आत येऊन नुसतं नाकाला पदर लावला की मुलाने खुर्चीवरची ती बॅग उचललीच म्हणून समजा.

तेवढ्यात थोरली जाऊ मागच्या दाराने चहाला आली. रोज यायची. भिंगरीने तिच्यासमोर रोजचा कप ठेवला. त्याचा कान केव्हाच तुटलेला होता.

"काय गं, आज घरात एवढं मोठं कार्य, आणि मला हाच कानतुटका?"

"तुम्हाला काय धाड भरलीय? तुम्ही घरच्या."

"घरची म्हणून बोटं भाजून घेऊ? कपाटात काचेचा अख्खा सेट आहे तुझ्या. मेल्यावर तोंडात पाणी घालशील तेही यातूनच."

"तेव्हा बशीतून घालीन. आता गप बसा आणि मला सांगा, या भिंतीचं काय करू?"

जावेने फुंकर मारत भिंतीकडे पाहिलं. ती फाटक्या तोंडाची, पण वेळेला धावणारी. "माझ्याकडे फुलाफुलांचं प्लॅस्टिक आहे, जमिनीवर अंथरायचं," ती म्हणाली. "सुनेने आणलंय. अजून घडीही मोडली नाही."

मग काय विचारता. मातीच्या जमिनीवर लाल गुलाब पसरले. भिंतीवर चादर ठोकली. भिंगरीने पेटत्या चुलीत तांब्याभर पाणी ओतलं, चूल फसफसली, तिच्यावर फळी टाकली, फळीवर मेजपोस आणि वर जावेकडची कापडी फुलं. काळं पातेलं परसात पेंढ्याखाली गेलं. स्वयंपाक गॅसवर झाला. पाट्यावरचं वाटणसुद्धा तिने घातलं नाही, न जाणो तिखट लागलं तर. दुकानातला पुड्याचा मसाला घातला. काचेचा सेट धुऊन पुसून मांडला, तेव्हा कुठे तिचा जीव थोडा खाली आला. थोडाच.

पाहुणे चांगले होते. डॉक्टरीणबाईंनी चपला बाहेर काढल्या आणि अनवाणी आत आल्या. प्लॅस्टिकवर पाय पडला तशा थबकल्या. त्यांचे यजमान हसून म्हणाले, "अरे वा. आमच्या स्वयंपाकघरात अगदी हीच फुलं आहेत."

भिंगरीला वाटलं, जिंकलं.

"चूल कुठे आहे हो?" बाईंनी विचारलं.

"आहे तिथेच. पण तुम्हाला कशाला धुराचा त्रास? बसा तुम्ही, पंखा लावते."

मुलगा फळीवरच्या फुलांकडे बघत होता. पाहुण्यांनी व्यवस्थित जेवण केलं. छान झालंय म्हणाले, पण भात कुणी दुसऱ्यांदा घेतला नाही. मग यजमानांना सोमवारचं काही काम आठवलं. संध्याकाळची गाडी मिळेल का, त्यांनी विचारलं. मुलगा त्यांना सोडून आला तेव्हा उन्हं अजून उतरायची होती.

कुंपणापलीकडून जाऊ म्हणाली, "गेले? इतक्यात? गुलाब चावले की काय?"

मुलगा स्वयंपाकघरात येऊन खाली बसला. ओरडला असता तर बरं झालं असतं. भिंगरी ओट्यापासून दारापर्यंत आणि दारापासून ओट्यापर्यंत येरझारा घालत राहिली.

"तुला सांगून गेलो होतो ना, काही करू नकोस."

"दारात आलेला माणूस देव असतो. देवाला मी काजळीसमोर बसवू? पोचे आलेल्या भांड्यात वाढू?"

"त्यांना देव व्हायचं नव्हतं गं. त्यांना घरात यायचं होतं."

हाताला चाळा म्हणून तिने चहा टाकला आणि त्याच्यासमोर कप ठेवला. त्याने कप उचलला नाही. तो काचेचा होता, सोनेरी काठाचा.

"आणि मी कोण आहे?" त्याने विचारलं.

"म्हणजे काय?"

"मी आलो की हाच कप. नवी कोरी चादर. निजायला बाहेरची खोली. पावसाळ्यात छप्पर गळलं, हे मला काकीने सांगितलं. तू म्हणालीस सगळं ठीक आहे. काकी आली की तिला कानतुटका कप देतेस, वर भांडतेस. माझ्याशी कधी भांडलीस?"

"चार दिवसांसाठी येतोस तू. त्यात भांडू?"

"म्हणून तर चारच दिवस येतो."

भिंगरी थांबली. पायही थांबले. त्याला बरं वाटावं म्हणून ती जे जे करत आली होती ते सगळं तिच्या डोळ्यांपुढून गेलं. ती मऊ गादी, ते मऊ बोलणं, पानात आग्रहाने वाढलेला भात. प्रत्येक वेळी तिला वाटायचं, एवढं केलं तर हा राहील. आणि प्रत्येक वेळी तो, पाहुणा निघतो तसा, वाकून नमस्कार करून निघायचा.

मागच्या दारातून जावेचा आवाज आला. "तो कप माझा आहे हां. त्याच्यावर डोळा ठेवू नकोस."

मुलगा हसला, पण अर्धाच.

भिंगरीने फळी उचलून भिंतीला टेकवली. कापडी फुलं जावेच्या हातात दिली. चुलीत राखेचा चिखल झाला होता. तो हाताने उपसला, परसातून लाकडं आणली, काडी ओढली. पेटेना. दुसरी ओढली. लाकडं धुमसली आणि धूर तिच्याच डोळ्यांत गेला.

"ही लाकडं कुणी रचली होती नळाजवळ?" ती खेकसली. "सगळी ओली. तूच रचलीस ना काल? एवढा बाप्या झालास, शहर उजळवून आलास, पण लाकूड कुठे ठेवावं याची अक्कल नाही. आणि फुंकणी कुठंय? ऊठ, हल जरा, बसलायस काय देवासारखा?"

बोलून झाल्यावर तिच्या लक्षात आलं. या घरात मुलावर तिचा आवाज चढून किती काळ झाला, ते तिला आठवेना. तिने भीतभीत वर पाहिलं. मुलगा उठला होता. फुंकणी शोधत होता, तीही चुकीच्या जागी.

"फडताळामागे," ती म्हणाली. त्याने ती काढून तिच्या हातात दिली. "आणि अंधार पडायच्या आत परसातले कांदे आत आण. दव पडलं की नासतील. सकाळपासून पसरलेत, कुणाचं लक्ष आहे का?"

"कशात आणू?"

"बघ काहीतरी. पोतं उंदरांनी खाल्लंय."

तो बाहेरच्या खोलीत गेला. तिकडून चेन ओढल्याचा आवाज आला आणि भिंगरीचा हात फुंकणीवर तसाच राहिला. संपलं, तिला वाटलं. आपण बोललो आणि हा निघाला.

मग अंगणात कोंबड्या फडफडल्या. थोड्या वेळाने तो मागच्या दाराने आत आला. खांद्यावर ती बॅग होती, उघडी आणि कांद्यांनी फुगलेली, तळाला माती लागलेली. त्याने ती चुलीजवळ धपकन ठेवली. भिंगरीने मान लांब करून बाहेरच्या खोलीत पाहिलं. खाटेवर शर्ट, पँट, चार्जर, दाढीचं सामान, सगळं एका ढिगात ओतलेलं होतं.

"कांद्याचा वास जायचा नाही बॅगेचा," जाऊ म्हणाली.

"नाही जायचा," तो म्हणाला. आणि आईला म्हणाला, "पातेलं कुठे लपवलंस? भूक लागलीय. दुपारचं ते मला गेलं नाही."

"पेंढ्याखाली. घासून आण. वरून नको, आतून."

चूल एकदाची धरली. भिंगरीने पाटा ओढून लसूण ठेचायला घेतला. तो उद्या काय करील, परवा मुकादमाचा फोन आला तर काय म्हणेल, हे तिला माहीत नव्हतं, आणि विचारायची छातीही नव्हती. पण कपडे घड्या घालून आतल्या खोलीतल्या फळीवर लावायला हवे होते, आणि त्या फळीवर जुनी गोधडी होती, ती उद्या उन्हात घालायला हवी होती, आणि गुलाबांचं प्लॅस्टिक जावेच्या सुनेला कळायच्या आत धुऊन परत द्यायला हवं होतं. वरवंटा थांबवून ती उठली.

"अगं, बस की जरा," जाऊ म्हणाली.

"बसते," भिंगरी म्हणाली आणि शर्ट आणायला गेली.