मशीनने खाल्लेली कॅसेट

ही गोष्ट मी वीस वर्षं टाळली, कारण तिच्यातला चोर मीच आहे.

आखातात, शारजाला लागून असलेल्या अल कुसैसला माझं व्हिडिओ कॅसेटचं दुकान होतं. एक फिलिपिनो आया दर शुक्रवारी, सुट्टीला, आपली एकुलती एक कॅसेट माझ्या टीव्हीवर बघायला यायची आणि माझ्याकडेच ठेवून जायची. जुना, काळा-पांढरा सिनेमा. गावात भाताची गिरणी येते आणि पुढे सून पळाली तरी म्हातारे गिरणीलाच दोष देतात. मला जांभया यायच्या. गर्दीच्या दृश्यात मात्र ती पडद्यावर बोट टेकवायची. “सर, माय फादर!” दोन सेकंद. बापाचा साधा फोटोही तिच्याकडे नव्हता.

शारजात क्रिकेटची फायनल होती आणि कोऱ्या कॅसेट संपल्या होत्या. पुसली जाऊ नये म्हणून तिच्या कॅसेटची खिट्टी मोडलेली होती. त्या भोकावर चिकटपट्टी लावून मी मॅच रेकॉर्ड केली. तीही आपण हरलो.

शुक्रवारी तिला म्हणालो, “मशीनने टेप खाल्ली. खलास.”

ती व्हीसीआरकडे बघत राहिली, मग हसली. “पिक्चरमध्येही सगळे मशीनलाच शिव्या देतात, सर.”

माफी मागायला मी तोंड उघडलं आणि बाहेर पडलं, “चहा घेणार?”