एकतीस मार्चच्या आत

धर्मराज घरत पनवेलच्या एका गृहकर्जाच्या कचेरीत शिपाई होते. गेल्या महिन्यात ते निवृत्त झाले. कचेरीने त्यांना शाल आणि भिंतीवरचं घड्याळ दिलं, असं नंतर कानावर आलं. मला निरोप मिळाला नाही, नाहीतर मी गेले असते आणि दोन शब्द बोललेही असते. ते बोलायचे राहिले, म्हणून इथे लिहिते.

मी त्यांना पहिल्यांदा पाहिलं ते १९८७ च्या मार्चमध्ये. मी आणि माझे यजमान कृष्णकांत नवीन पनवेलमधल्या घरासाठी कर्ज काढायला गेलो होतो. दोन खोल्या, स्वयंपाकघर आणि अरुंद गॅलरी. यजमान तळोज्याच्या एका कारखान्यात स्टोअरकीपर होते, मी शाळेत इंग्रजी शिकवत होते. एक लाख रुपये कर्ज, साडेबारा टक्के व्याज, पंधरा वर्षांची मुदत, महिन्याचा हप्ता बाराशे सत्तावन्न. करारनामा इंग्रजीत, अकरा पानांचा. मी तो शब्दन् शब्द वाचला, दोन ठिकाणी स्वल्पविराम चुकले होते ते तिथल्या साहेबांना दाखवले, साहेब हसले आणि आम्ही सह्या केल्या.

घरतांनी आम्हाला पाणी दिलं. ग्लासवर बशी झाकून. उंच, काटक माणूस, खाकी कपड्यांना कडक इस्त्री, डोक्यावर पांढरी टोपी. जिना उतरताना ते मागून येऊन यजमानांना म्हणाले, "सायेब, समदी लोकं हप्ता किती ते इचारतात. एकून किती, ते कोन इचारीत नाय."

यजमान हसून पुढे झाले. खाली आल्यावर मला म्हणाले, शिपाई बराच बोलका दिसतो. त्या दिवशीच्या नोंदीत मी बशी झाकलेल्या ग्लासाचं लिहिलं आहे. घरत काय बोलले ते लिहिलेलं नाही.

पुढची साडेतीन वर्षं हप्ता दर महिन्याच्या सात तारखेला जात राहिला. दूध, किराणा, लाइट बिल, हप्ता, असा माझ्या डायरीत त्याचा क्रम ठरलेला होता. वर्षाचे बारा चेक मार्चमध्ये एकदम लिहून द्यायचे असत. तेवढ्यासाठी मी कचेरीत जाई, घरत पाणी देत, लिफाफ्यावर तारखेचा शिक्का मारत. दरवेळी थोडं बोलणं होई. त्यातून त्यांचं आयुष्य मला तुकड्यातुकड्यांनी कळत गेलं.

त्यांचे वडील मिठागरात काम करत आणि तेही वयाच्या तिसाव्या वर्षापर्यंत तिथेच होते. मग नवं शहर आलं, मिठागरं आणि शेत दोन्ही गेली, मोबदल्याची रक्कम हातात आली. गावातल्या बऱ्याच जणांनी मोटारसायकली घेतल्या. घरतांनी तीन हजारांच्या विटा घेऊन ठेवल्या. मग शिपायाच्या पगारातून दर उन्हाळ्यात एक भिंत किंवा एक खोली, असं घर बांधलं. मी ते पुढे पाहिलं. एकाही खोलीची उंची दुसरीशी जुळत नाही. त्यांच्या पत्नी सखूबाई म्हणतात, आमच्या घरात चालायचं म्हणजे बघूनच पाय टाकायला लागतो. पण त्या घरावर एका पैशाचं कर्ज कधी नव्हतं. मी घरतांना एकदा विचारलं, तुमच्याच कचेरीतून सवलतीत कर्ज मिळालं असतं ना? ते म्हणाले, "बाई, मी रोज रजिस्टरं उचलतो. मला त्यांचं वजन म्हाईत हाय."

१९९० च्या नोव्हेंबरमध्ये यजमान गेले. कामावरच छातीत कळ आली, दवाखान्यात पोहोचेपर्यंत सगळं संपलं होतं. त्याबद्दल इथे लिहीत नाही. फेब्रुवारीत त्यांचा फंड आणि ग्रॅच्युइटी मिळून पंच्याऐंशी हजार रुपये आले आणि पनवेलच्या बँकेत माझ्या बचत खात्यात जमा झाले. माझे दीर चारुदत्त ठाण्याहून मुद्दाम आले. त्यांचं म्हणणं सरळ होतं. वहिनी, सगळी रक्कम बँकेत पाच वर्षांच्या ठेवीत ठेवा, दहा टक्के व्याज येईल, कर्ज आपलं हप्त्याहप्त्याने फिटतंय, फिटू दे. मला ते पटलं. ईस्टरच्या सुट्टीत येऊन ते ठेवीचे कागद करणार होते.

एकच गोष्ट मनाला टोचत होती. मी १९९३ च्या मे महिन्यात निवृत्त होणार होते. हप्ते २००२ पर्यंत होते. निवृत्तिवेतनातून बाराशे सत्तावन्न रुपये नऊ वर्षं कसे जाणार, हे मला सुचत नव्हतं. मुलगी रुचिरा कॉलेजात होती, तिच्यावर हे टाकायचं नव्हतं. पण मी मनाशी हिशेब करत असे की पंधरातली चार वर्षं झाली, म्हणजे पाव कर्ज तरी फिटलंच असेल. तोवर अजून फिटेल.

बुधवारी, २७ मार्च १९९१ ला, मी पुढच्या वर्षाचे बारा चेक घेऊन कचेरीत गेले. साहेब फोनवर होते. घरतांनी लिफाफा घेतला, पण शिक्का मारला नाही. यजमान गेल्यानंतर मी पहिल्यांदाच येत होते. त्यांनी पाणी दिलं, समोरच्या बाकावर बसले आणि विचारलं, चार वर्षांत किती कर्ज फिटलं असं वाटतं?

मी म्हटलं, पंचवीस हजार, जास्तच.

ते म्हणाले, सायबांकडे अर्ज द्या, शिल्लक लिहून मागा. मी तिथेच अर्ज लिहिला. साहेबांनी रजिस्टर पाहून आकडा लिहून दिला. चार वर्षांत मी साठ हजारांवर भरले होते आणि कर्ज फिटलं होतं साडेबारा हजार. सत्याऐंशी हजार पाचशे एकोणसाठ अजून शिल्लक होते.

मला वाटलं चूक झाली आहे. साहेबांनी समजावलं, चूक नाही. सुरुवातीच्या वर्षांत हप्त्याचा बहुतेक भाग व्याजातच जातो. पहिल्या वर्षी पंधरा हजारांतले साडेबारा हजार व्याजाचे होते. पंधरा वर्षं असंच चाललं तर एक लाखाचे सव्वा दोन लाख भरून होतील. हे सगळं कराराच्या सातव्या पानावर होतं, आणि सातव्या पानावरचा स्वल्पविराम मीच दुरुस्त केला होता.

मी बाहेर येऊन बाकावर बसले. घरतांनी विचारलं, साहेबांचे पैसे आले का? ते यजमानांच्या फंडाबद्दल विचारत होते. मी आले म्हटलं आणि ठेवीचं सांगितलं. तेव्हा ते खालच्या आवाजात, पण अगदी ठामपणे बोलले.

"बाई, ठेव दा टक्के देनार, कर्ज साडेबारा घेनार. ते जाऊ द्या. दुसरी गोस्ट ऐका. हितं व्याज एक एप्रिलच्या शिलकीवर लावतात, समद्या वर्साचं. आज भरलं तर ते मोजलं जाईल. दोन एप्रिलला भरलं तर फुडल्या मार्चपावत नुस्तं पडून ऱ्हानार. मिठागरात उधानाला उघाडी, म्हंजे बांधाचं दार, उघडून पानी घ्यायचं. चुकलं तर पंधरा दिस थांबा. हितं उधान वर्सातून एकदाच येतं."

आणि मग म्हणाले, चेक आणू नका, तो वटेपर्यंत एप्रिल उजाडेल. बँकेचा डीडी आणा, त्याचे पैसे आधीच भरलेले असतात.

मी घड्याळ पाहिलं. बँकेचं काउंटर बंद झालं होतं. दुसऱ्या दिवशी महावीर जयंती, शुक्रवारी गुड फ्रायडे, रविवारी एकतीस. मधे फक्त शनिवार, तोही अर्धा दिवस.

गुरुवारी चारुदत्त आले. मी त्यांना साहेबांनी लिहून दिलेला कागद दाखवला. ते चांगले माणूस होते, माझ्या काळजीनेच बोलत होते. म्हणाले, हातातला पैसा घरात घातला आणि उद्या आजारपण आलं तर भिंत विकणार का, वहिनी? आणि हे सगळं तुम्हाला सांगितलं कुणी? मी सांगितलं. त्यावर ते म्हणाले, म्हणजे आता दादाच्या फंडाचं शिपाई ठरवणार.

मला राग आला नाही, कारण चार वर्षांपूर्वी जिन्यात आम्हीही तसंच हसलो होतो. मी त्यांना कागद-पेन दिलं आणि म्हटलं, तुम्ही करून बघा. चारुदत्त कॉमर्सचे पदवीधर. त्यांनी जेवायच्या आधी हिशेब मांडला. साठ हजार आत्ता भरले तर येत्या वर्षाचं साडेसात हजार व्याज वाचतं. दोन दिवसांचा फरक, साडेसात हजार. जेवण झाल्यावर त्यांनी पुन्हा मांडला. मग म्हणाले, "पंचवीस हजार बाजूला ठेवा, वहिनी. साठ भरा. शनिवारी मी येतो बरोबर."

त्यांचे मी आजही उपकार मानते. ते पंचवीस हजार पुढे रुचिराच्या लग्नाला उपयोगी पडले.

शनिवारी हनुमान जयंती होती. दहाला आम्ही बँकेत पोहोचलो. वर्षअखेर, त्यात सुट्ट्यांच्या मधला दिवस, रांग दारापर्यंत. डीडीवर दोन सह्या लागत आणि दुसऱ्या सहीचे अधिकारी हिशेबाच्या खोलीत बसले होते. चारुदत्त दोनदा आत जाऊन आले. डीडी हातात पडला तेव्हा सव्वाबारा झाले होते. कचेरी साडेबाराला बंद व्हायची. रिक्षा मिळेना. मी छप्पन वर्षांची, भर उन्हात दिरामागे अर्धवट धावत गेले. हे माझ्या विद्यार्थिनींनी पाहिलं असतं तर शाळेत वर्षभर पुरलं असतं.

कचेरीत पोहोचलो तेव्हा बारा वाजून चाळीस मिनिटं झाली होती. दार उघडं होतं. साहेब बॅग खांद्याला लावून उभे होते आणि घरत त्यांचं टेबल पुसत होते. साहेब आम्हाला म्हणाले, "बरं झालं आलात. घरतांनी हे टेबल चौथ्यांदा पुसलं. सनमायका निघाला असता."

घरतांनी फडकं ठेवलं, डीडी घेतला, शिक्क्याची तारीख नीट बघितली आणि रक्कम मुद्दलात जमा करावी अशा माझ्या अर्जावर शिक्का मारला. ३० मार्च १९९१. मग साहेबांनी पुन्हा बॅग खाली ठेवून पावती लिहिली.

त्यानंतरचं थोडक्यात सांगते. कर्ज एकदम साडेसत्तावीस हजारांवर आलं, हप्ता तोच ठेवला, त्यामुळे आता त्यातला मोठा भाग मुद्दलात जाऊ लागला. दोन वर्षांनी, ३० मार्च १९९३ ला, उरलेले दोन हजार आठशे सव्वीस रुपये भरून मी मोकळी झाले. तेही मार्चच्या आत, आणि निवृत्तीच्या दोन महिने आधी. सगळे मिळून एक लाख त्रेपन्न हजार भरले. म्हणजे बहात्तर हजारांहून जास्त वाचले. माझ्या निवृत्तिवेतनातून त्या घरासाठी एक रुपयाही गेला नाही.

घराचे मूळ कागद घरतांनीच आणून दिले. देताना एकेक पान माझ्यासमोर मोजलं. मी पेढे नेले होते, आणि एका पाकिटात पाचशे एक रुपये. पेढे त्यांनी घेतले. पाकीट परत दिलं आणि म्हणाले, द्यायचंच असेल तर दुसरं काहीतरी द्या.

"मी सांगतो ते कोन ऐकत नाय. शिपाई बोलतो म्हनून हसतात, मंग एप्रिलात येऊन सायबांशी भांडतात. तुमी बाई हाव. तुमच्या अक्षरात लिवून द्या."

मी घरी जाऊन एक फुलस्केप कागद घेतला. मोठ्या, सुट्या अक्षरांत, मराठीत लिहिलं. वर लिहिलं, हप्ता नको, एकूण विचारा. खाली एक लाखाचा तक्ता केला, पहिल्या पाच वर्षांत किती व्याजात जातं आणि किती मुद्दलात. त्याखाली, जादा रक्कम भरायची तर एकतीस मार्चच्या आत, आणि ती मुद्दलात जमा करावी असा अर्ज सोबत द्यावा. कागद घेऊन मी गव्हाणला त्यांच्या घरी गेले. घर पाहिलं ते तेव्हाच. सखूबाईंनी तांदळाच्या भाकऱ्या आणि सुकटीचं कालवण वाढलं. दोन खोल्यांच्या मधल्या पायरीला मी अडखळलेच. सखूबाई म्हणाल्या, "शिरतानाच सांगितलं व्हतं ना, बाई." घरत तक्ता हातात घेऊन बराच वेळ उभे होते. त्यांना मराठी वाचायला वेळ लागे, पण त्यांनी सगळं वाचलं, आणि एका जागी बोट ठेवून विचारलं, हे डीडीचं राहिलं का? राहिलं होतं. मी लिहायला पेन काढलं, तर ते म्हणाले, ऱ्हाऊ द्या, ते मी लिवतो.

साहेबांनी तो कागद भिंतीवर लावू दिला नाही, असं पुढे कळलं. त्यांचंही बरोबर असेल. मी त्यानंतर कचेरीत गेले नाही, जायचं कारणच उरलं नव्हतं. त्या कागदाचं काय झालं, हे मला माहीत नव्हतं.

या वर्षी फेब्रुवारीत आमच्या इमारतीत केतन आणि अंकिता राहायला आले. दोघं नोकरी करणारे, नवीन लग्न झालेले, घर कर्जावर. अंकिताचे वडील त्यांना काही रक्कम देणार होते. एका रविवारी दोघं मला विचारायला आले की असं असं कुणीतरी सांगितलंय, ते खरं असतं का. कर्जाच्या कचेरीतल्या एका म्हाताऱ्या शिपायाने जिन्यात गाठून त्यांना कागद दिला होता. केतनला ते जरा विचित्र वाटलं होतं.

अंकिताने पर्समधून कागद काढला. झेरॉक्सची झेरॉक्स, कडा काळ्या झालेल्या, दोन आकडे तर दिसतच नव्हते. अक्षर माझं होतं. सर्वांत खाली, वेगळ्या, वाकड्यातिकड्या अक्षरात लिहिलं होतं: चेक नको. डीडी.

मी चष्मा लावला, पुसट झालेले दोन आकडे पेनाने पुन्हा लिहिले आणि कागद अंकिताला परत दिला. म्हटलं, खरं आहे. यात लिहिलंय तसंच करा.

"कधीपर्यंत, आजी?" केतनने विचारलं.

मी कॅलेंडर पाहिलं. एकतीस मार्चला यंदाही रविवार होता. शनिवारचा अर्धा दिवस धरला तर त्यांच्या हातात पुरे पाच आठवडे होते.