गिधाडांची माफी

अंजनेरीच्या पायथ्याशी फिरायला जायची कल्पना माझीच. आमच्या कॉलनीच्या ग्रुपवर जाहिरात आली होती. रविवारी सकाळी निसर्ग आणि इतिहासाची फेरी, जुनी देवळं, राखीव जंगल, गिधाडं, शेवटी पिठलं-भाकरी. चढ नाही, ज्येष्ठांनाही जमेल. बाबा निवृत्त होऊन बरीच वर्षं झाली होती आणि नाशिक रोडच्या आमच्या फ्लॅटमध्ये ते दिवसभर गॅलरीत बसून खालच्या भटक्या कुत्र्यांचं निदान करत असत. "त्या तांबड्याला खरूज झालीय. मागचा पाय बघ, टेकवत नाही."

आई आतून म्हणायची, "माझाही टेकत नाही."

ते त्यांना ऐकू जायचं नाही. कान चांगले होते.

बाबा जनावरांचे सरकारी डॉक्टर. अर्धी नोकरी इगतपुरीकडे, अर्धी वणीच्या बाजूला. बैल पाय टाकेना, गाय उठेना, की माणसं आमच्या दारात उभी राहायची आणि बाबा ताटावरून उठून जायचे. लहानपणी मी त्यांच्यासोबत मोटरसायकलवर गेले आहे. कण्हणाऱ्या बैलाच्या कानाशी तोंड नेऊन ते म्हणायचे, "झालं राजा, झालं हां, आता नाही दुखणार." त्या आवाजात ते घरात कुणाशी बोललेले मला आठवत नाहीत. धाकट्या भावाच्या वेळी आईला कळा सुरू झाल्या तेव्हा ते एका अडलेल्या म्हशीपाशी होते. निरोप धाडला, तर उलट निरोप आला, म्हशीचं आटपून येतो. शेजारच्या रेल्वेवाल्यांच्या बायकोनं आईचं सगळं केलं. बाबा दुसऱ्या दिवशी आले, हात धुतले आणि बाळंतिणीच्या उशाशी बसून पारडू कसं आडवं आलं होतं ते तिला सविस्तर सांगितलं. पुढे तिची दाढ ठणकायची तेव्हाही तेच. फ्रिजमध्ये लोण्याच्या डब्याशेजारी वेदनाशामक इंजेक्शनांच्या बाटल्या उभ्या, आणि आईनं साधी गोळी आणायला सांगितली तर म्हणायचे, "एवढ्यातेवढ्याला गोळ्या कशाला? जनावर बघ, कधी तक्रार करतं का?"

आई काही बोलायची नाही. तिचं न बोलणं आम्ही सगळ्यांनी सोशीकपणा समजून घेतलं होतं.

फेरीला ती आली ते बाबांना एकटं सोडलं तर ते कुणाच्या तरी गोठ्यात शिरतील म्हणून. थंडीचे दिवस होते. आम्हाला फिरवणारी मुलगी तिशीची, वनस्पतिशास्त्र शिकलेली, गळ्यात दुर्बीण, आवाज खणखणीत. आधी तिनं गावाजवळची पडकी देवळं दाखवली. यादवांच्या काळातली. चुना न वापरता दगडावर दगड कसा बसवलाय, व्यापाऱ्यांनी देवळांना दान कसं दिलं, मग वस्ती कशी उठली, हे तिनं छान सांगितलं. एका गाभाऱ्यात मूर्तीच्या जागी शेळ्या बसल्या होत्या. बाबांनी त्यातल्या एकीची पापणी खाली ओढून बघितली आणि म्हणाले, "हिला जंत झालेत."

सगळे हसले. आमच्यात नोटांच्या प्रेसमधून निवृत्त झालेले एक गृहस्थ होते, मोठ्या आवाजाचे. ते म्हणाले, "डॉक्टर, आमच्याही पापण्या बघून ठेवा!" बाबा खुलले. पुढची सगळी वाट ते त्या मुलीच्या बरोबरीनं चालले. आई आणि मी मागे.

झाडी विरळ होते तिथं मोकळं पठार आहे. समोर डोंगराचा कडा, आणि कड्यावर पांढरे ओघळ. "ती त्यांची विष्ठा," ती मुलगी म्हणाली. "त्यावरून घरटं शोधायचं." तिनं तिकाटण्यावर मोठी दुर्बीण लावली आणि एकेकाला बोलावलं. बाबा डोळा लावून वाकले आणि लहान मुलासारखे ओरडले, "बसलंय! मान आत घेऊन बसलंय!" मग वळून सगळ्यांना सांगायला लागले, "आमच्या वेळी ढोर पडलं की बघता बघता आभाळ भरून जायचं. दोन-तीन तासांत नुसता सापळा. माणसाला हात लावायला नको."

"आणि आता का नाही भरत, काका?" तिनं विचारलं.

"जंगल तोडलं."

"नाही." ती सगळ्यांकडे वळली. हा तिच्या फेरीचा मुख्य भाग असावा, कारण तिचा आवाज बदलला. तिनं सांगितलं, की जनावरांना दुखणं कमी करायला एक इंजेक्शन देत. जनावर मेलं तरी औषध मांसात राहतं. गिधाडांनी ते मांस खाल्लं की त्यांची मूत्रपिंडं निकामी होतात. पक्षी मान खाली टाकून बसून राहतो आणि एक दिवस फांदीवरून खाली पडतो. हजारो नाही, लाखोंनी मेली. पुढे औषधावर बंदी आली, पण तोवर आभाळ रिकामं झालं होतं.

बाबांनी विचारलं, "औषध कोणतं?"

तिनं नाव सांगितलं.

बाबांनी चष्मा काढून पुसला. ती मुलगी चाणाक्ष होती. "काका, तुम्ही वापरायचात?"

"सगळेच वापरायचे. आम्हाला कुठे..."

"सगळ्यांचं राहू द्या," आई म्हणाली. इतका वेळ ती दगडावर बसून होती. ती उठली, पदर सारखा केला आणि बायका शेजारणीची ओळख करून देतात तशा सुरात म्हणाली, "हे द्यायचे. खोक्यांनी यायचं आमच्याकडे. फ्रिजमध्ये भाजीला जागा नसायची. जनावराला दुखलेलं यांना बघवायचंच नाही ना."

कुणीतरी हसलं. प्रेसवाले गृहस्थ म्हणाले, "घ्या! खुनी आपल्यातच निघाला!" मग सगळेच हसले. मीही ओठ दाबले, पण आईचा चेहरा बघितला आणि ते हसू गेलं. ती हसत नव्हती. तिचं पोट भरत होतं.

भाकरी खाताना बाबांच्या शेजारी कुणी बसलं नाही. ती मुलगी मात्र मोबाईल घेऊन आली. "काका, दोन मिनिटं कॅमेऱ्यासमोर बोलाल? तुमच्यासारख्या माणसानं सांगितलं तर लोकांवर परिणाम होतो." बाबांना नाही म्हणता आलं नाही. कड्याकडे पाठ करून ते उभे राहिले. आईनं त्यांची काठी धरली.

"मी निवृत्त पशुवैद्यकीय अधिकारी. त्या काळी आम्हाला माहीत नव्हतं..."

"'माहीत नव्हतं' नको काका, त्यानं जोर जातो. 'माझ्या हातून' असं म्हणा."

त्यांनी म्हटलं. वाऱ्याचा आवाज आला म्हणून पुन्हा म्हटलं. मागून कुणी गेलं म्हणून पुन्हा. त्यांचा आवाज बसत चालला होता.

"मोठ्यानं बोला," काठी धरलेली आई म्हणाली. "एरवी आवाज घरभर ऐकू जातो."

शेवटी मुलीला हवं तसं झालं. "माझ्या हातून ही गिधाडं मेली. मी त्यांची माफी मागतो." तिनं अंगठा वर केला.

त्या आठवड्यात तो व्हिडिओ कुठून कुठून फिरून आमच्याच ग्रुपवर आला. नातेवाइकांचे फोन आले. वणीकडचा एक म्हातारा शेतकरी तर बस बदलत घरी आला. बाबांनी त्याचा बैल वाचवला होता म्हणे. चहाला हात न लावता तो म्हणाला, "साहेब, हे काय बोलले तुम्ही? माझा ढवळ्या तीन दिस हंबरत व्हता. तुम्ही सुई दिली, तवा निजला. त्येची बी माफी मागायची काय?"

उत्तर आईनं दिलं. "ते आता मोठे झालेत. बैलांशी बोलत नाहीत."

म्हातारा उठून गेला. जाताना त्यानं बाबांच्या पाया पडायचं टाळलं, हे मी पाहिलं. आल्या आल्या पडला होता.

मला वाटलं, इथे हे संपेल. पण त्या मुलीचा फोन आला. काका पुढच्या रविवारी येऊ शकतील का? लोक विचारतात. गाडी पाठवते. बाबा गेले. त्याच्या पुढच्या रविवारीही गेले. हिवाळाभर ते जवळजवळ दर रविवारी जात राहिले. पठारावर उभं राहायचं, माफी मागायची, फोटो काढून घ्यायचे, पिठलं-भाकरी खाऊन परत. आई त्यांच्या शर्टाला इस्त्री करून ठेवायची.

एकदा मी पुन्हा त्यांच्याबरोबर गेले. बाबांचं बोलणं आता घोटून घोटून गुळगुळीत झालं होतं. कुठे थांबायचं ते त्यांना ठाऊक होतं. "एक पिल्लू आईची वाट बघत घरट्यात बसून राहिलं असेल," असं म्हणून ते थांबले आणि खरंच रडले. एका बाईनं त्यांना रुमाल दिला. सत्तरी ओलांडलेला माझा बाप परक्या माणसांपुढे ढसाढसा रडत होता, आणि मी त्याला आयुष्यात पहिल्यांदा रडताना बघत होते. परत येताना गाडीत ते प्रसन्न होते. मला म्हणाले, "मन हलकं होतं गं."

घरी मी आईला सांगितलं, बाबा रडले. ती पोळ्या लाटत होती. "कशावर?"

"घरट्यातल्या पिल्लावर."

तिनं लाटणं थांबवलं नाही. "बरं झालं," म्हणाली. "सापडलं एकदाचं कुणीतरी."

उन्हं तापायला लागली तेव्हा एका शनिवारी संध्याकाळी त्या मुलीचा फोन आईनं घेतला. मी ऑफिसातून यायची होते. मुलीनं सांगितलं, की आता त्यांनी काकांच्या बोलण्याची छान फिल्म करून घेतलीय, संगीत वगैरे घालून, तीच दाखवतात. काकांना उगाच त्रास नको. उद्यापासून गाडी येणार नाही. आई म्हणाली, "सांगते हं."

रविवारी सकाळी बाबा आंघोळ करून, इस्त्रीचा शर्ट घालून, बूट बांधून दाराजवळच्या खुर्चीत बसले. मी आठला उठले तेव्हा बसलेले. मी बाजारात जाऊन आले तेव्हा बसलेले. "ट्रॅफिक असेल," म्हणाले. आई समोरच मटार सोलत होती. दहा वाजून गेले तेव्हा मीच त्या मुलीला फोन लावला, आणि तिनं आश्चर्यानं सांगितलं, काकूंना कालच कळवलंय की.

मी स्वयंपाकघरात जाऊन आईला विचारलं, "सांगितलं का नाहीस?"

"विसरले."

आईला चाळीस वर्षांपूर्वीच्या म्हशीचा रंग आठवतो.

बाहेर येऊन मी बाबांना सांगितलं. ते म्हणाले, "आज नाही का? मग पुढच्या रविवारी?"

"नाही बाबा. आता नाहीच."

"बोलण्यात काही चुकलं का माझ्या?"

मी नाही म्हटलं. ते बुटांच्या नाड्या सोडायला वाकले. वाकता येईना. दोनदा प्रयत्न केला आणि मदतीसाठी आईकडे बघितलं. तोंडानं काही म्हणाले नाहीत, फक्त बघितलं.

आईनं शेंगांची सालं पेपरात गुंडाळली, उठली आणि त्यांच्या पायांना वळसा घालून सालं टाकायला गॅलरीत गेली.